परदेशात व्यावसायिक बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलींचे वर्ष नेमके कसे जाते?

पूर्णाकाठची_मावशी (परभणी)

नमस्कार. माझी भाची सेलूला नववीत आहे. वय पंधरा, उंची पाच फूट दहा इंच. गेली तीन वर्षे ती शाळेच्या सिमेंटच्या मैदानावर बास्केटबॉल खेळते आहे आणि यंदा तिचा संघ विभागीय स्पर्धेपर्यंत गेला. तेव्हापासून आमच्या घरात दोन तट पडले आहेत. तिचे क्रीडाशिक्षक म्हणतात की मुलीत गुण आहेत, तिने परदेशाचा विचार करावा. माझी बहीण म्हणते की उंची अशीच वाढत राहिली तर स्थळे मिळायची नाहीत, त्यात पुन्हा हा खेळ कशाला. मी या दोघांच्या मध्ये उभी आहे आणि मला बास्केटबॉलमधले ओ की ठो कळत नव्हते. म्हणून गेले दोन महिने वाचत बसले. जे समजले ते मांडते. चुकत असेल तिथे जाणकारांनी दुरुस्त करावे.

भाचीच्या दप्तरावर जोंक्वेल जोन्स या खेळाडूचे चित्र चिकटवलेले आहे, म्हणून सुरुवात तिच्यापासून केली. ही मुलगी 1994 साली बहामाजमधल्या फ्रीपोर्ट गावी जन्मली. किशोरवयातच ती अमेरिकेतल्या मेरीलँड राज्यात शाळेसाठी गेली आणि तिथल्या प्रशिक्षक बाईंनीच तिचे कायदेशीर पालकत्व घेतले. पुढे महाविद्यालयीन बास्केटबॉल, आधी क्लेमसन आणि मग जॉर्ज वॉशिंग्टन विद्यापीठ. 2016 साली डब्ल्यूएनबीए या अमेरिकेतल्या महिलांच्या व्यावसायिक लीगने भरवलेल्या निवडीत तिचे नाव सहाव्या क्रमांकाला पुकारले गेले. इथपर्यंतची गोष्ट आपण कोणत्याही खेळाडूबद्दल ऐकतो तशीच आहे. मला नवल वाटले ते पुढच्या भागाचे. त्याच वर्षीचा हिवाळा ती दक्षिण कोरियात वूरी बँकेच्या संघाकडून खेळली, पुढे चीनमध्ये शान्शीच्या संघाकडून, आणि नंतरचे हिवाळे रशियात, उरल पर्वताजवळच्या येकातेरिनबर्ग शहरात. 2021 साली ती अमेरिकेतल्या लीगची सर्वोत्तम खेळाडू ठरली, तरी हिवाळ्यातले हे परदेशगमन थांबले नव्हते.

म्हणजे उन्हाळा अमेरिकेत आणि हिवाळा दुसऱ्या देशात. डब्ल्यूएनबीएचा हंगाम साधारण मे ते ऑक्टोबर आणि युरोपातला ऑक्टोबर ते एप्रिल. आपल्याकडच्या भाषेत सांगायचे तर खरीप आणि रब्बी दोन्ही पिके घ्यायची, जमीन एकही महिना पडीक ठेवायची नाही, आणि इथे जमीन म्हणजे स्वतःचे शरीर. कारण सरळ पैशाचे आहे. 2022 साली अमेरिकेतल्या लीगमधला कमाल पगार वर्षाला सुमारे 2 लाख 28 हजार डॉलर होता, तर रशियातल्या त्या एका क्लबकडून मोठ्या खेळाडूंना दहा लाख डॉलरपेक्षाही जास्त मिळत असल्याच्या बातम्या होत्या. घरचा संघ नाव देतो आणि परका संघ दाम देतो, असा हा व्यवहार.

याचे टोकाचे उदाहरण डायना टॉरासी या अमेरिकन खेळाडूचे आहे. 2015 साली तिला येकातेरिनबर्गच्या क्लबने उन्हाळ्यात अमेरिकेत न खेळण्याचे पैसे दिले. अमेरिकेतला तिचा पगार साधारण 1 लाख 7 हजार डॉलर आणि रशियातले मानधन, तेव्हाच्या वृत्तांनुसार, 15 लाखांच्या घरात. ज्याला पीक हवे त्यानेच जमीन पडीक ठेवण्याचे पैसे मोजले, असे मी तोवर कधी ऐकले नव्हते.

माझा प्रश्न मात्र या तारकांबद्दल नाही. त्यांच्या खाली, ज्यांची चित्रे कुणी दप्तरावर लावत नाही अशा मधल्या फळीतल्या मुली परदेशात कशा राहतात, त्यांना काय मिळते, आणि सेलूसारख्या गावातली मुलगी त्या फळीपर्यंत तरी पोहोचू शकते का? कृपया सविस्तर लिहावे.

---

जुना_पंच (नांदेड)

मावशी, आपण अभ्यास करून लिहिले आहे, म्हणून मीही मोकळेपणाने लिहितो. मी अठ्ठावीस वर्षे शालेय आणि जिल्हास्तरीय सामन्यांत पंच म्हणून शिट्टी फुंकली आहे.

पहिली गोष्ट उंचीची. पाच फूट दहा इंच ही उंची आपल्या विभागात इतकी मोठी ठरते की क्रीडाशिक्षक त्या मुलीला डोळे झाकून बास्केटखाली उभी करतात. तिने हात वर करायचे, रिबाउंड घ्यायचा म्हणजे हुकून परत आलेला चेंडू पकडायचा, जागच्या जागी वळून चेंडू टाकायचा आणि पुन्हा तिथेच उभे राहायचे. जिल्ह्याचे सामने असे जिंकता येतात. परंतु परदेशात बास्केटखाली खेळणाऱ्या मुली सहा फूट तीन, सहा फूट चार इंचांच्या असतात. आपण जिचा उल्लेख केला ती जोन्स सहा फूट सहा इंच आहे आणि शिवाय बाहेरून तीन गुणांचे फटकेही मारते. आपल्या भाचीच्या उंचीची मुलगी तिथे गार्ड म्हणून खेळते, म्हणजे चेंडू घेऊन पुढे जाणारी आणि लांबून नेम साधणारी. आज तिला बास्केटखाली उभी करून जिंकलेला प्रत्येक सामना तिच्या पुढच्या वाटेवरचा एक दिवस खातो, हे तिच्या सरांना आदरपूर्वक सांगावे. डाव्या हाताने ड्रिबल, म्हणजे चेंडू आपटत पुढे नेणे, येते का? तीन गुणांच्या 6.75 मीटरच्या रेषेबाहेरून दहापैकी किती चेंडू पडतात? सेलूच्या मैदानावर ती रेषा जुन्या मापाने आखलेली असण्याचीही शक्यता आहे. एकदा टेप लावून पाहावे.

दुसरी गोष्ट. आपल्या देशातून कुणी गेलेच नाही असे नाही. केरळची गीतू ॲना जोस ही सहा फूट दोन इंच उंचीची सेंटर, म्हणजे बास्केटखाली खेळणारी, दक्षिण रेल्वेत नोकरीला होती. ती 2006 पासून सलग तीन हंगाम ऑस्ट्रेलियातल्या रिंगवूड हॉक्स या क्लबकडून व्हिक्टोरिया राज्याच्या ‘बिग व्ही’ स्पर्धेत खेळली. 2011 साली तिने अमेरिकेत डब्ल्यूएनबीएच्या तीन संघांकडे निवड चाचणी दिली. निवड झाली नाही. 2014 साली तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. आपल्याकडे लोक या कथेतले ‘निवड झाली नाही’ एवढेच वाक्य लक्षात ठेवतात. मला त्यातली रेल्वेची नोकरी महत्त्वाची वाटते. परत येऊन उभे राहायला जागा होती, म्हणून तिला जाता आले.

---

जालनेकर_मेलबर्न

रिंगवूडचे नाव वाचून राहवले नाही, कारण मी तिथून गाडीने वीस मिनिटांवर राहतो. मूळचा जालन्याचा; इथे सोळा वर्षे झाली. माझी धाकटी मुलगी इथल्या एका क्लबच्या कनिष्ठ गटात खेळते आणि दर शुक्रवारी रात्री तिला सामन्याला नेणे हे माझे काम आहे. त्यामुळे मधल्या फळीतल्या खेळाडू मला रोज दिसतात, असे म्हणायला हरकत नाही.

इथली रचना अशी आहे. सर्वांत वर डब्ल्यूएनबीएल, म्हणजे ऑस्ट्रेलियाची राष्ट्रीय महिला लीग. ती आमच्या उन्हाळ्यात, साधारण नोव्हेंबर ते मार्च, चालते. तिच्या खाली एनबीएल-1 नावाची अर्धव्यावसायिक स्पर्धा, एप्रिल ते ऑगस्ट. अनेक मुली दोन्ही खेळतात. आमच्या क्लबच्या वरच्या संघातली एक गार्ड सकाळी प्राथमिक शाळेत शिकवते, दुसरी फिजिओथेरपीच्या दवाखान्यात काम करते. संध्याकाळी सहाला त्या जिममध्ये येतात. शनिवारी सामना होतो आणि सामना संपल्यावर प्रेक्षकांतल्या लहान मुलींच्या टी-शर्टवर सह्या करतात. अमेरिकेतून आलेल्या खेळाडूला क्लब राहायला खोली देतो, कधी जुनी गाडी देतो, विमानाचे तिकीट देतो आणि थोडे मानधन देतो. त्या बदल्यात ती खेळते आणि शिवाय आठवड्यातून तीन संध्याकाळी आमच्या मुलींना शिकवते. गेल्या वर्षी अशीच एक मुलगी आली होती. पहिल्या महिन्यात तिने मला विचारले की मसाला-तूप घालून केलेला तो पिवळा भात पुन्हा कधी मिळेल. आमच्या घरी एकदाच जेवली होती बिचारी. मानधनात बाहेरचे जेवण रोज परवडत नाही आणि सामन्याच्या दिवसांखेरीज बोलायला माणूस नसते, हे तिने सांगितल्यावर मला जरा लाजच वाटली, कारण तोवर आम्हाला ती केवळ ‘आपली अमेरिकन’ होती.

शिखरावरची कथा हवी असेल तर आमच्याकडे लॉरेन जॅक्सन आहे. ऑल्बरी या सीमेवरच्या शहरातली. आई-वडील दोघेही देशाकडून खेळलेले. 2001 साली डब्ल्यूएनबीएच्या निवडीत पहिला क्रमांक, तीन वेळा तिथली सर्वोत्तम खेळाडू, मधल्या हिवाळ्यांत कोरिया आणि मॉस्को. आणि मग गुडघा. 2016 साली तिला निवृत्ती घ्यावी लागली. पुढची गोष्ट मात्र मी स्वतः दूरदर्शन संचासमोर उभा राहून पाहिली आहे. 2022 साली सिडनीच्या विश्वचषकात, वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी, ती परत आली आणि कांस्यपदकाच्या सामन्यात कॅनडाविरुद्ध तिने 30 गुण केले. 2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये पुन्हा कांस्य. माझी मुलगी तेव्हा म्हणाली की बाबा, ती तर आईपेक्षा मोठी आहे. त्यावर घरातून काय उत्तर आले ते इथे लिहीत नाही.

---

पूर्णाकाठची_मावशी (परभणी)

पंचसाहेब, जालनेकर दादा, मनापासून आभार. रविवारी सेलूला जाऊन टेप लावली. रेषा 6.25 मीटरवर निघाली. अर्धा मीटर आत! क्रीडाशिक्षकांनीच मग डबा आणून नवी रेषा मारली. जुनी पुसली नाही, त्यामुळे आता मैदानावर दोन रेषा दिसतात आणि मुली कोणती खरी म्हणून भांडतात.

आता एक नवी अडचण. समाजमाध्यमावरून एका गृहस्थांनी भाचीच्या वडिलांशी संपर्क साधला आहे. ते स्वतःला परदेशी क्लबांचे प्रतिनिधी म्हणवतात. सर्बियात तीन आठवड्यांची निवड चाचणी, निवड झाल्यास लगेच दोन वर्षांचा करार, आणि नोंदणीसाठी आधी 60 हजार रुपये. भाऊजींनी सोसायटीतून पैसे उचलण्याची तयारी केली आहे. मुलीचे वय पंधरा आहे हे त्या गृहस्थांना माहीत आहे. काय करावे?

---

कागद_आणि_शिक्का (छत्रपती संभाजीनगर)

ताई, पैसे देऊ नका. आधी हे वाक्य, मग कारणे.

मी वकिली करतो. खेळाडूंच्या करारांची तीन-चार प्रकरणे हाताखालून गेली आहेत, त्यामुळे नियम पाहिलेले आहेत. फिबा ही बास्केटबॉलची जागतिक संघटना. तिच्या नियमांनुसार अठरा वर्षे पूर्ण होण्याआधी खेळाडूचे एका देशातून दुसऱ्या देशात हस्तांतर मुळात करता येत नाही. अपवाद आहेत, परंतु ते पालकांचे स्थलांतर, शिक्षण अशा विशेष कारणांसाठी असतात आणि प्रत्येक प्रकरण तपासले जाते. शिवाय कोणत्याही वयात परदेशी क्लबकडून खेळायचे झाले तर आधीच्या राष्ट्रीय महासंघाचे ना-हरकत पत्र लागते. तेव्हा पंधरा वर्षांच्या मुलीला ‘लगेच दोन वर्षांचा करार’ देणारा माणूस एकतर नियम जाणत नाही किंवा फार चांगले जाणतो.

एजंट म्हणून काम करण्यासाठी फिबाचा परवाना असतो आणि परवानाधारकांची यादी संघटनेच्या संकेतस्थळावर कुणालाही पाहता येते. त्या गृहस्थांचे नाव तिथे शोधा. खऱ्या एजंटचे उत्पन्न करार झाल्यानंतर, कराराच्या रकमेच्या टक्केवारीतून येते. जो आधी मागतो तो खेळाडू विकत नाही, आशा विकतो. माझ्याच एका नातेवाइकाच्या मुलाकडून अशाच एका माणसाने पैसे घेतले होते; चाचणीच्या दिवशी जिमला कुलूप होते.

पुढे कधी खरा करार आला, तर मराठवाड्यातल्या कोणत्याही आईबापाने पुढील बाबी डोळ्यांत तेल घालून वाचाव्यात. पगार किती, यापेक्षा तो किती हप्त्यांत आणि कोणत्या तारखांना मिळणार हे महत्त्वाचे आहे. रक्कम कर वजा जाता लिहिलेली आहे की करासह? दुखापत झाल्यास उरलेला पगार मिळतो की करार तिथेच संपतो? वैद्यकीय चाचणीत नापास ठरवून परत पाठवण्याची मुदत किती दिवसांची आहे? राहण्याची जागा स्वतंत्र आहे की वाटून घ्यायची आहे? जाण्या-येण्याची तिकिटे किती? आणि वाद झाल्यास तो कुठे चालणार?

शेवटचा प्रश्न लोक वाचतच नाहीत. युरोपातल्या छोट्या क्लबांत पगार थकणे ही नेहमीची तक्रार आहे. जानेवारीपर्यंत नियमित पैसे, मग प्रायोजक गेला म्हणून टाळाटाळ, आणि मार्चमध्ये फोन उचलत नाहीत. अशा वादांसाठी 2007 पासून बास्केटबॉलचे स्वतंत्र लवाद मंडळ आहे. त्याचे कायदेशीर स्थान जिनिव्हा. विशिष्ट देशाच्या कायद्यात न अडकता ते न्यायबुद्धीने निर्णय देते, आणि निर्णय न पाळणाऱ्या क्लबवर नवे खेळाडू नोंदवण्याची बंदी घालता येते. हा उपाय खेळाडूला परवडणारा आहे, परंतु करारात त्या लवादाचे कलम लिहिलेले असेल तरच. ते एक कलम नसेल तर परक्या देशातल्या दिवाणी न्यायालयात त्यांच्या भाषेत दावा चालवावा लागेल, आणि आपल्याकडच्या दिवाणी दाव्यांचा अनुभव असलेल्यांना यापुढे काही सांगायला नको.

---

बालाघाटी (बीड)

वरचे सगळे वाचले. लहान तोंडी मोठा घास वाटला तर क्षमा असावी.

ऑक्टोबरात घर सोडायचे, एप्रिलमध्ये परतायचे. नेणारा माणूस मध्ये, मालक दूर. अंग धडधाकट आहे तोवर मोल, पाय मोडला की नावापुढे काट. मावशींनी खरीप आणि रब्बी म्हटले. मला आमच्या गावचा दसरा आठवला. दसरा झाला की बैलगाड्या आणि ट्रक भरून माणसे साखर कारखान्यांकडे निघतात, मुकादमाची उचल घेतलेली असते, आणि गावात म्हातारी व शेळ्या उरतात. माझ्या चुलतभावाच्या घरातली दोन माणसे मिळून एक कोयता, असा हिशेब वीस वर्षे चालला. परदेशातल्या या मुलींचे आयुष्य विमानाने केलेली ऊसतोडच दिसते. मग आपण आपल्या पोरींना त्या वाटेने का ढकलावे? त्यापेक्षा कबड्डी, खो-खो, धावणे हे आपले खेळ काय वाईट? आमच्याच आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे आशियाई सुवर्णपदक घेऊन आला, धाराशिवच्या सारिका काळेला 2020 साली अर्जुन पुरस्कार मिळाला. त्यासाठी त्यांना कोणत्या क्लबची उचल घ्यावी लागली नाही.

---

पूर्णाकाठची_मावशी (परभणी)

बालाघाटी दादा, तुमचा प्रतिसाद मी दोनदा वाचला आणि रात्री झोप आली नाही. साम्य आहे, ते मी नाकारत नाही. तुम्ही म्हणता ती भीती खरी ठरल्याची उदाहरणेही आहेत. टॉरासीचेच घ्या. 2010 च्या अखेरीस ती तुर्कस्तानातल्या फेनरबाचे क्लबकडून खेळत असताना तिच्या उत्तेजक चाचणीचा निकाल होकारार्थी आल्याचे तिथल्या प्रयोगशाळेने कळवले. क्लबने करार संपवला. दोन महिन्यांनी, फेब्रुवारी 2011 मध्ये, प्रयोगशाळेनेच निष्कर्ष मागे घेतला आणि ती निर्दोष ठरली. एवढ्या मोठ्या खेळाडूची ही गत, तर साधीचे काय? 2019 च्या एप्रिलमध्ये ब्रिॲना स्ट्युअर्ट ही खेळाडू हंगेरीत युरोलीग या युरोपातल्या क्लबांच्या मोठ्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात रशियन क्लबकडून खेळत होती. टाचेजवळची शीर तुटली आणि अमेरिकेतला अख्खा हंगाम गेला. ब्रिटनी ग्रायनर ही अमेरिकन खेळाडू तर 17 फेब्रुवारी 2022 रोजी मॉस्कोच्या विमानतळावर सामानात गांजाच्या तेलाच्या नळ्या सापडल्यामुळे अटकेत गेली. तिला नऊ वर्षांची शिक्षा झाली, आणि 8 डिसेंबरला कैद्यांच्या अदलाबदलीत ती सुटली. ती रशियात काही पर्यटनाला गेली नव्हती, हंगाम पुरा करायला चालली होती.

परंतु एक फरक मला मोठा वाटतो. कोयत्याच्या माणसाला उचल फिटेपर्यंत फड सोडता येत नाही, आणि त्याच्या बाजूने बोलणारी संघटना मुकादमासमोर क्वचितच उभी राहते. या मुलींनी मात्र आपला बाजारभाव ओळखला आणि त्या एकत्र बसल्या. 2020 साली त्यांच्या संघटनेने अमेरिकेतल्या लीगशी नवा करार केला. कमाल पगार 2 लाख 15 हजार डॉलरवर गेला, बाळंतपणाच्या रजेत पूर्ण पगार मिळू लागला. त्याच करारात लीगनेही आपली अट घातली, ती 2023 पासून लागू झाली. अनुभवी खेळाडू परदेशातला हंगाम संपवून उशिरा आली तर दंड, आणि 2024 पासून थेट त्या हंगामापुरते निलंबन. म्हणजे दोन्ही पिके घेण्यावरच बंधन आले. त्यावर त्याच स्ट्युअर्टने, जिची शीर हंगेरीत तुटली होती, नफीसा कॉलिअर या सहकारी खेळाडूबरोबर अमेरिकेतच तीन-तीन खेळाडूंची हिवाळी लीग काढली. जानेवारी 2025 मध्ये मायामीजवळ ‘अनरायव्हल्ड’ नावाने ती सुरू झाली. पहिल्या हंगामात छत्तीस खेळाडू होत्या, सरासरी मानधन 2 लाख 20 हजार डॉलरच्या वर होते, आणि खेळाडूंना लीगच्या मालकीत वाटा मिळाला. फडातल्या माणसांना कारखान्याचे भाग मिळाल्यासारखे हे आहे. तसे आपल्याकडे झाले असते तर तुमच्या चुलतभावाचे घर आज वेगळे असते.

आणि खो-खो, कबड्डीबद्दल तक्रार नाहीच. पण मुलीचे मन ज्या खेळात आहे तो सोडून दुसरा खेळ तिला दत्तक द्यावा कसा?

---

बालाघाटी (बीड)

भागाचा मुद्दा मान्य. माझ्या डोक्यात तो आला नव्हता. बाकी शंका कायम आहेत.

---

एक_माजी_गार्ड (लातूर)

मी विद्यापीठ संघाकडून चार वर्षे खेळले आणि नंतर खेळाडूंच्या आरक्षणातून शासकीय नोकरीत लागले. परदेशात कधी खेळले नाही, पण परदेशी मैदानाचा दरवाजा पाहून परत आलेली आहे, म्हणून लिहिते.

सेलूच्या मुलीसाठी थेट क्लब हा रस्ता सध्या नाहीच, तो अठरानंतरचा. त्याआधीचा रस्ता अमेरिकेतल्या महाविद्यालयांचा आहे. तिथे खेळाच्या शिष्यवृत्तीवर शिक्षण, राहणे, जेवण होते आणि चार वर्षे दर्जेदार सामने मिळतात. भारतीय मुली त्या वाटेने गेल्या आहेत. कविता अकुला ग्रँड कॅन्यन विद्यापीठाकडून खेळली, बंगळुरूची संजना रमेश नॉर्दर्न ॲरिझोना विद्यापीठाकडून. मला ही वाट कळली तेव्हा उशीर झाला होता, कारण तिथे नववीपासून बारावीपर्यंतचे गुण मोजतात आणि ठरावीक सोळा विषय-अभ्यासक्रम पूर्ण असावे लागतात. मी नववीत सामने खेळत फिरले, विज्ञानात काठावर पास झाले आणि मला वाटले की खेळाडूला गुणांचे काय काम! प्रवेशाच्या पत्रव्यवहारात समोरच्या प्रशिक्षकांनी माझा खेळ पाहण्याआधी गुणपत्रिका मागितली. तिथेच विषय संपला. तुमच्या भाचीचे हे वर्ष नववीचेच आहे, म्हणून जरा जोरात सांगते आहे.

दुसरे म्हणजे, सर्व वाट चालूनही डब्ल्यूएनबीए गृहीत धरू नका. दरवर्षी तिथल्या निवडीत पुकारली जाणारी नावे चाळिशीच्या आसपास, आणि त्यांतल्याही कित्येकींना सरावशिबिरातूनच घरी पाठवतात, कारण एका संघात जागा जेमतेम बारा. म्हणूनच अमेरिकेतल्या चांगल्या चांगल्या मुली पोलंड, तुर्कस्तान, ऑस्ट्रेलियात खेळताना दिसतात. आपल्या मुलीची स्पर्धा तिथल्या क्लबांत परदेशी खेळाडूंसाठी राखलेल्या दोन-तीन जागांसाठी आहे आणि ती त्याच मुलींशी आहे.

लग्नाचा प्रश्न तुमच्या बहिणीने काढला आहे, तर कँडेस पार्कर या अमेरिकन खेळाडूचे नाव सांगा. तिची मुलगी 2009 साली जन्मली आणि पुढची काही वर्षे ती लेकीला घेऊन रशियातल्या हंगामाला जात होती. माझी स्वतःची उंची पाच फूट नऊ. यजमान पाच फूट सात. फोटोत ते पायरीवर उभे राहतात, एवढाच काय तो त्रास.

---

पूर्णाकाठची_मावशी (परभणी)

ताई, तुमचा शेवटचा परिच्छेद मी बहिणीला वाचून दाखवला. ती हसली आणि मग म्हणाली, पायरीचे काही नाही, रशियाचे बघू नंतर. आमच्या घरात एवढे म्हणजे खूप झाले.

त्या गृहस्थांचे नाव फिबाच्या यादीत नाही. भाऊजींनी त्यांना तसे कळवले, तेव्हापासून त्यांचा निरोप नाही. सोसायटीचा अर्ज परत घेतला. भाचीला गणित आणि विज्ञानाची शिकवणी लावली आहे; त्यावर ती आमच्याशी दोन दिवस बोलली नाही. क्रीडाशिक्षकांनी तिला बास्केटखालून काढून गार्डच्या जागी खेळवायला सुरुवात केली आणि परवाचा मित्रत्वाचा सामना आम्ही 14 गुणांनी हरलो. सात वेळा तिच्या हातून चेंडू गेला. शाळेतल्या इतर पालकांनी सरांना दोष दिला, पण सर ठाम आहेत.

जालनेकर दादा, तुम्ही खासगी निरोपात संपूर्ण सामन्याचे चित्रीकरण मागितले आहे, निवडक चांगल्या क्षणांचे नाही, हे लक्षात आहे. येत्या रविवारी परभणीत सामना आहे. चित्रीकरण वरून, अख्खे मैदान दिसेल असे करायचे, म्हणून शेजारच्या घराच्या गच्चीची परवानगी काढली आहे. पंचसाहेब, आपण नांदेडहून येणार म्हणालात, तर सामना नऊचा आहे.

---

जुना_पंच (नांदेड)

नऊला ऊन चढते आणि सिमेंटवर चेंडू दिसत नाही, चित्रीकरणात तर मुळीच दिसणार नाही. सामना सातला ठेवायला सांगा. मी पहाटेच्या गाडीने निघतो. मेजरिंग टेप माझी मी आणतो.